वरत्तन कक्का : परक्या शिंपल्यांचा प्रवास आणि आपल्या खाड्या

आज आपण एका शिंपल्याविषयी बोलणार आहोत. खरं तर तीन शिंपल्यांविषयी, कारण एकाची गोष्ट सांगायला घेतली की बाकीचे दोघे आपोआप तिच्यात येतात.

सिंधुदुर्गातल्या आणि गोव्यातल्या श्रोत्यांना शिनाणे काय असतात हे सांगायला नको. खडकाला घट्ट धरून बसलेला, हिरवट कडेचा, लांबोळका शिंपला. रव्यात घोळवून तळला की ताटात फार वेळ राहत नाही. शास्त्रीय भाषेत त्याला पर्ना व्हिरिडिस म्हणतात. आपल्याकडे तो पूर्वापार आहे. पण १९९९ साली अमेरिकेत, फ्लोरिडाच्या टॅम्पा उपसागरात, एका वीजकेंद्राला थंड पाणी पुरवणारे बोगदे तुंबले. पाणबुडे आत उतरले, तर भिंतींवर थराला थर लागून हेच आपले शिनाणे बसलेले. त्याआधी दशकभर ते कॅरिबियन समुद्रात त्रिनिदादला पोचले होते. टॅम्पात त्यांनी पुलांचे खांब, बोये, पाइप व्यापले, आणि तिथल्या कालवांच्या पट्ट्यांवर चढून कालवांना मागे सारलं. तिथल्या सरकारी यादीत आपला शिनाणा ‘आक्रमक परकी प्रजाती’ आहे.

हे सुरुवातीलाच सांगायचं कारण असं, की ‘आक्रमक’ हा शब्द ऐकला की आपल्याला तो प्राण्याचा स्वभाव वाटतो. तो प्राण्याचा स्वभाव नव्हे, प्राणी आणि जागा यांच्यातल्या नात्याचा तो गुण आहे. मालवणात जे जेवण आहे, ते टॅम्पात संकट ठरतं. आणि प्रत्येक परका आक्रमक होतो असंही नाही. काजू पोर्तुगीजांबरोबर ब्राझीलहून आला. मिरची, टोमॅटो, बटाटा, सगळे बाहेरचेच. त्यांच्यामुळे कुणाचं बिऱ्हाड उठलं नाही. बाहेरून येणाऱ्यांतले बहुतेक जीव तग धरत नाहीत, काही मुकाट्याने राहतात, आणि थोडे असे निघतात की आधीच्यांना जागाच उरत नाही. आपला विषय या थोड्यांचा आहे.

मसल जातीचे शिंपले या थोड्यांत वारंवार का सापडतात, हे समजायला त्यांची राहणी बघावी लागेल. तिसरी किंवा खुबा वाळूत, चिखलात पुरून घेतो. कालव आपली एक शिंप खडकाला सिमेंटसारखी कायमची चिकटवतो. मसलची रीत तिसरीच. तो पायापासून बारीक चिवट तंतू काढतो, प्रत्येक तंतूच्या टोकाला चिकट चकती असते, आणि त्या तंतूंनी स्वतःला बांधून घेतो. शिनाणे साफ करताना आपण जी ‘दाढी’ उपटतो, ती हीच. हा गोंद पाण्याखाली, ओल्या पृष्ठभागावर लागतो. मसल दगडावर बसतो, लाकडावर बसतो, दोरावर, लोखंडावर, प्लास्टिकवर, दुसऱ्या शिंपल्याच्या पाठीवर बसतो. जहाजाचा तळ त्याला खडकच वाटतो.

दुसरी गोष्ट पिल्लांची. नर आणि मादी बीजं पाण्यात सोडून देतात, फलन पाण्यातच होतं. त्यातून निघणारी अळी मिलिमीटरच्या एका लहानशा हिश्श्याएवढी असते, साध्या डोळ्यांना जेमतेम दिसेल न दिसेल अशी. साधारण दोन ते चार आठवडे ती पाण्याबरोबर वाहते आणि मग बूड टेकायला जागा शोधते. एक मादी अशी हजारो, लाखो पिल्लं सोडते. त्यातली जवळजवळ सगळी मरतात. पण बंदिस्त, शांत पाण्यात, जिथे खाणारे मासे कमी आणि अन्न भरपूर, तिथे हे ‘जवळजवळ’ थोडंसं जरी हललं तरी वर्षभरात तळ भरून जातो.

अळी वाहते खरी, पण वाहत वाहत महासागर ओलांडत नाही. महासागर ती जहाजाने ओलांडते, आणि तेही दोन वाटांनी. पहिली वाट जुनी, लाकडी गलबतांच्या काळापासूनची: मोठे शिंपले तळाला चिकटून येतात. दुसरी वाट पोलादी जहाजांची. जहाज रिकामं निघालं तर ते लाटांवर डोलतं, पंखा पाण्याबाहेर येतो, म्हणून टाक्यांत समुद्राचं पाणी भरून वजन आणतात. याला बॅलास्ट म्हणतात. एका बंदरात माल उतरवला की पाणी भरायचं, दुसऱ्या बंदरात माल चढवताना ते सोडून द्यायचं. दर वर्षी अब्जावधी टन पाणी असं एका किनाऱ्यावरून उचलून दुसऱ्या किनाऱ्यावर ओतलं जातं. त्या पाण्यात जे काही तरंगत असेल, ते फुकटात प्रवास करतं.

आता मुंबईकडे येऊ. दुसरा शिंपला इथलाच आहे, म्हणजे इथला झालेला आहे. त्याचं नाव मायटिलॉप्सिस सॅली. तो मूळचा कॅरिबियन समुद्र आणि मेक्सिकोच्या आखाताकडचा. जेमतेम इंचभर लांब. शरीररचनेने तो शिनाण्याच्या कुळातला नाही. अमेरिकेच्या मोठ्या सरोवरांत ज्याने उच्छाद मांडला त्या झेब्रा मसलचा तो खाऱ्या पाण्यातला भाऊबंद. पण तंतूंनी चिकटण्याची कला दोघांनाही आहे. १९६७च्या सुमारास तो विशाखापट्टणमच्या बंदरात आढळला. पुढे १९७०च्या दशकात मुंबईच्या गोदीत. करंदे आणि मेनन या शास्त्रज्ञांनी १९७५ साली त्याच्यावर निबंध लिहिला, त्याच्या शीर्षकातच त्यांनी या प्राण्याला भारतीय बंदरांतला ताजा स्थलांतरित म्हटलंय. विशाखापट्टणमला त्याचे दहा-पंधरा सेंटिमीटर जाडीचे थर बसले. लाकूड, लोखंड, काँक्रीट, दोरखंड, काहीच सुटलं नाही.

इंचभराचा शिंपला, त्याचं इतकं काय, असं वाटेल. तर तो महिन्याभरात वयात येतो. जवळजवळ गोड्या पाण्यापासून समुद्रापेक्षा खारट पाण्यापर्यंत सगळीकडे जगतो. बंदरातल्या घाण, प्राणवायू कमी असलेल्या पाण्यात, जिथे इतर शिंपले माना टाकतात, तिथे याचं छान चालतं. आपल्या दृष्टीने एक बरं आहे, की त्याला गोदीसारखी बंदिस्त आणि संथ जागा आवडते. मोकळ्या, लाटांच्या किनाऱ्यावर तो फारसा रमत नाही. म्हणून मुंबईच्या गोदीत पन्नास वर्षं राहूनही अलिबाग-श्रीवर्धनच्या खडकांवर त्याची चादर पसरलेली आपण पाहिलेली नाही. पण बरं वाटून घेण्याची मर्यादा इथेच संपते. गोदीत तो आहेच, आणि गोदीतून जहाजं निघतातच.

याच शिंपल्याची दुसरी गोष्ट ऑस्ट्रेलियातल्या डार्विन शहराची आहे, आणि ती जरा सविस्तर सांगायला हवी. डार्विनला भरती-ओहोटीतला फरक आठ मीटरपर्यंत जातो. आपल्या मुंबईत तो पाच मीटरच्या आसपास, त्यावरून अंदाज करा. एवढ्या चढउतारात नौका सुखरूप राहाव्यात म्हणून तिथल्या खासगी नौकांच्या गोद्यांना, म्हणजे मरिनांना, दरवाजे आहेत. मार्च १९९९मध्ये पाणबुड्यांना त्यातल्या एका मरिनात हा शिंपला दिसला. सहा महिन्यांपूर्वी त्याच जागेची पाहणी झाली होती, तेव्हा एकही नव्हता. सहा महिन्यांत काही ठिकाणी चौरस मीटरला वीस हजारांहून अधिक!

पुढे जे झालं ते ऐकून आपल्यापैकी काहींना धक्का बसेल. सरकारने काही दिवसांत तीन मरिना बंद केल्या, दरवाजे लावून घेतले, आणि आतल्या पाण्यात दीडशे टनांहून अधिक ब्लीच आणि त्याशिवाय कित्येक टन मोरचूद ओतला. शिंपले मेले. मासे, खेकडे, बाकीचंही सगळं मेलं. दरम्यान त्या मरिनांतून बाहेर पडलेल्या शेकडो नौका किनाऱ्या-किनाऱ्यावर शोधून काढल्या, त्यांचे तळ आणि आतले पाइप तपासले. वीस लाख ऑस्ट्रेलियन डॉलरहून जास्त खर्च आला. एप्रिल संपायच्या आत जिवंत शिंपला उरला नव्हता. मरिनाचे दरवाजे उघडले, भरतीच्या पाण्याबरोबर बाहेरचे जीव हळूहळू परत आले. तो शिंपला परत आला नाही.

समुद्रात एकदा बस्तान बसवलेला परका शिंपला माणसाने समूळ काढला, अशी उदाहरणं जगात फारच थोडी आहेत. डार्विनला ते जमलं याची कारणं नीट बघा. पाण्याला दरवाजा होता. कुणीतरी आधी पाहणी केलेली होती, म्हणून ‘हा नवा आहे’ हे लगेच कळलं. आणि आठवड्यांचा हिशोब होता, वर्षांचा नव्हता. यातली एक गोष्ट जरी नसती तरी आज डार्विनची गत आपल्या विशाखापट्टणमसारखी झाली असती. विष ओतणं योग्य होतं का, यावर वाद घालता येईल. आम्हाला विचाराल तर तेव्हा, तिथे, ते योग्य होतं. पण दरवाजा नसलेल्या पाण्यात हा प्रश्नच उद्भवत नाही.

दरवाजा नसलेलं पाणी म्हणजे केरळातलं अष्टमुडी सरोवर. आपला तिसरा शिंपला तिथे भेटतो, आणि आजच्या विषयाचा गाभाही तोच आहे.

त्याचं नाव मायटेला स्ट्रिगाटा. इंग्रजीत त्याला चारू मसल म्हणतात. मूळचा मध्य आणि दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्यांचा, खाड्यांचा, खाजणांचा. दोन-चार सेंटिमीटरचा, कधी काळा, कधी तपकिरी, कधी हिरवट, कधी पट्ट्यापट्ट्यांचा. हे रंगांचं सोंग त्याला फार उपयोगी पडलं, कारण लहानपणी तो सहज दुसऱ्याच कुठल्या शिंपल्यासारखा दिसतो. १९८६ साली फ्लोरिडातल्या जॅक्सनविलला एका वीजकेंद्राच्या पाण्याच्या वाटेत तो प्रथम सापडला. बहुधा दक्षिण अमेरिकेकडून येणाऱ्या तेलवाहू जहाजांतून आला असावा. पुढच्याच वर्षी थंडीने तो तिथून नाहीसा झाला, सगळ्यांनी सुटकेचा श्वास सोडला. २००४ साली तो फ्लोरिडातच दुसरीकडे पुन्हा उगवला. मग आशियात: फिलिपिन्समध्ये मनिलाच्या उपसागरात, सिंगापूरच्या उत्तर किनाऱ्यावर, थायलंडमध्ये. सिंगापूरला क्रांजीच्या चिखलठाणावर त्याची चादर पसरली, आणि ती जागा आहे घोडेनाल खेकड्यांच्या वावरण्याची. तोवर आशियातल्या संशोधकांत हा नेमका कोण, यावर गोंधळ होता. जनुकं तपासल्यावर आणि जुने नमुने पाहिल्यावर नाव पक्कं झालं.

आणि २०१९मध्ये केरळातून नोंदी आल्या. कोचीच्या खाडीतून, वेंबनाडमधून, अष्टमुडीतून. शास्त्रीय नियतकालिकांत नाव येण्याआधी मच्छीमारांनी त्याला नाव ठेवून झालं होतं: ‘वरत्तन कक्का’. कक्का म्हणजे शिंपला, आणि वरत्तन म्हणजे बाहेरून आलेला, उपरा. पाण्यात रोज हात घालणाऱ्या माणसाला हा आपला नाही हे सूक्ष्मदर्शकाशिवाय कळलं होतं. या गोष्टीकडे आपण थोड्या वेळाने परत येऊ.

अष्टमुडी म्हणजे कोल्लमजवळ आठ फाटे फुटलेलं पाणी, २००२पासून रामसर यादीत. तिथे वाळूत राहणारा एक शिंपला आहे, पाफिया मलबारिका, साधारण आपल्या तिसऱ्यांच्या जातकुळीतला. त्याच्यावर सुमारे तीन हजार माणसांचं पोट. १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला वर्षाला दहा हजार टनांपर्यंत माल निघत होता, मग १९९३ला तो एकदम निम्म्यावर आला. अतिउपसा झाला होता. त्यानंतर मच्छीमार, सरकार आणि सीएमएफआरआय, म्हणजे केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्था, एकत्र बसले. डिसेंबर ते फेब्रुवारी या विणीच्या काळात उपसा बंद, जाळ्याच्या छिद्रांचं माप ठरलेलं, लहान शिंपला विकायचा नाही. लोकांनी हे पाळलं. २०१४ साली या मासेमारीला शाश्वततेचं आंतरराष्ट्रीय एमएससी प्रमाणपत्र मिळालं, भारतातलं पहिलं. म्हणजे माणसांनी आपली चूक ओळखली, सुधारली, तीन महिने कमाई सोडून दाखवली. आणि पाच वर्षांत पाण्यात दुसराच कोणीतरी येऊन बसला. तो कुणाच्या अतिउपशामुळे आलेला नव्हता, आणि विणीचा बंदीकाळ पाळून जाणाराही नव्हता.

तो करतो काय? अष्टमुडीत काही ठिकाणी तो चौरस मीटरला अकरा हजारांवर मोजला गेला. एवढे शिंपले सुटे राहत नाहीत. ते एकमेकांना तंतूंनी बांधून घेतात आणि तळावर गोधडी तयार होते. कठीण जागांवर, म्हणजे खांब, दगड, शिनाण्यांचे आणि कालवांचे दोर, इथे तो आधी बसतो आणि कालवाच्या पिल्लाला टेकायला रिकामी जागा उरत नाही. फ्लोरिडात झालेल्या प्रयोगांतही हे दिसलं: जिथे परके मसल आधीपासून बसलेले, तिथे कालवांची पिल्लं कमी बसतात आणि बसलेली कमी जगतात.

पण वाळूत पुरलेल्या शिंपल्याचं काय, त्याची जागा तर वेगळी? इथे ही गोधडी महत्त्वाची ठरते. वाळूतला शिंपला खाली असला तरी त्याच्या दोन नळ्या वर पाण्यात असतात. एकीने पाणी आत घ्यायचं, दुसरीने सोडायचं. वर गोधडी पसरली की नळ्यांना वाट नाही. शिवाय हजारो मसल पाणी गाळतात, नको असलेला गाळ शेंबडासारख्या गोळ्यांत बांधून खाली टाकतात. तंतूंत तो अडकतो, साचतो, कुजतो. वाळूच्या जागी काळा, वास मारणारा चिखल. वाळू आवडणाऱ्याचं घरच गेलं. वरून अन्नही आधी वरच्यांच्या तोंडात जातं.

इथे कुणीतरी नेहमी विचारतं, की शिंपले पाणी गाळून स्वच्छ करतात ना, मग वाईट काय? प्रश्न रास्त आहे. शिंपला गाळतो म्हणजे पाण्यातले सूक्ष्म वनस्पतिजीव खातो. पाणी नितळ दिसतं. पण तेच अन्न कोळंबीच्या पिल्लांचं, माशांच्या अळ्यांचं, देशी शिंपल्यांचं होतं. आणि गाळलेलं नाहीसं होत नाही, पाण्यातून उचलून तळाला ठेवलं जातं. मोजक्या शिंपल्यांनी हे केलं तर खाडीला ते हवंच असतं. अकरा हजारांनी केलं तर तळाचा प्राणवायू पुरत नाही.

हा प्राणी टिकतो कसा तेही सांगायला हवं. पावसाळ्यात खाडीचं पाणी गोडं होतं, उन्हाळ्यात खारट. आपल्याकडच्या कुठल्याही खाडीत राहणाऱ्याला वर्षातून दोनदा ही परीक्षा द्यावी लागते. चारू मसलला बदल हळूहळू झाला तर दोन्ही टोकं सोसतात. अन्नाची चणचण भासली तर तो लिंगही बदलू शकतो, म्हणजे थोडेच उरले तरी वीण थांबेल याची खात्री नाही. थंडी त्याला मारते, पण कोल्लमला थंडी कुठून आणायची?

केरळपुरतं हे थांबलं नाही. चेन्नईच्या उत्तरेला एन्नोरची खाडी आणि पुलिकत सरोवर आहे. तिथे याच शिंपल्याला ‘काक्का आळी’ म्हणतात. पाण्यात बसून, चिखल चाचपून हाताने कोळंबी वेचणारी माणसं तिथे आहेत. चिखलाच्या जागी शिंपल्यांची फरशी आली तर वेचायचं काय? मच्छीमारांनी तक्रारी केल्या, वर्तमानपत्रांत आलं, प्रकरण राष्ट्रीय हरित लवादापर्यंत गेलं. यंत्राने खरवडून काढायचे उपाय सुरू झाले. खरवडताना फुटलेल्या थरातून बीजं सुटतात, आणि काढलेला माल जवळच टाकला तर पुढच्या भरतीला परत पाण्यात. शिवाय खरवडीबरोबर देशी शिंपलेही निघतात. म्हणून असं काम विणीचे महिने टाळून करावं लागतं, माल पाण्यापासून दूर न्यावा लागतो, आणि दर वर्षी करावं लागतं. ते तण काढण्यासारखं आहे, एकदा केलं आणि सुटलो असं नाही. अष्टमुडीत देशी शिंपल्यांचं बी तयार करून सरोवरात सोडण्याचं काम सीएमएफआरआयने हाती घेतलंय. तेही चांगलंच, पण ज्या जागी गोधडी आहे तिथे बी टाकून उपयोग नाही. आधी जागा मोकळी हवी.

मग येण्याआधीच अडवायचं कसं? बॅलास्टच्या पाण्यासाठी आंतरराष्ट्रीय करार आहे. २००४ साली झाला, लागू व्हायला ८ सप्टेंबर २०१७ उजाडलं. तेरा वर्षं! त्यानुसार जहाजाने सोडलेल्या घनमीटर पाण्यात ५० मायक्रोमीटर किंवा त्याहून मोठे जिवंत जीव दहापेक्षा कमी असले पाहिजेत. त्यासाठी जहाजांवर गाळण्या आणि अतिनील किरणांची किंवा क्लोरीनची यंत्रणा बसवतात. ही मोठी सुधारणा आहे. पण करार टाकीतल्या पाण्याचा आहे, तळाला चिकटलेल्या शिंपल्याचा नाही. आणि मोठ्या जहाजाने एका बंदरात आणलेला प्राणी तिथून पुढे कोण नेतं? मासेमारीच्या होड्या, वाळूच्या बोटी, ड्रेजर, एका खाडीतून दुसऱ्या खाडीत नेलेले जुने दोर आणि तरंगते पिंप. त्यांना कुठलाच करार लागू नाही.

कोकणच्या दृष्टीने आम्हाला हीच शेवटची वाट जास्त काळजीची वाटते. सिंधुदुर्गात गेल्या काही वर्षांत कालवं आणि शिनाणे दोरांवर, तराफ्यांवर वाढवायला बचतगटांच्या बायकांनी सुरुवात केली. चांगलं काम आहे. पण शिनाण्यांचं बी जर दुसऱ्या राज्यातल्या खाडीतून आणलं, तर त्याच पोत्यात दुसरं काय काय येईल हे बघायला हवं. लहानपणी दोघं सारखेच दिसतात हे आत्ताच सांगितलं. बी घेताना मूठभर वेगळं काढून भिंगाखाली पाहणं, शंका आली तर पोतं पाण्यात न सोडणं, दोर आणि पिंप दुसऱ्या खाडीत न्यायच्या आधी उन्हात कडकडीत वाळवणं, यात काही मोठं विज्ञान नाही. पैसेही नाहीत.

आणि मघाशी म्हटलं त्याकडे परत येऊ: वरत्तन कक्का हे नाव कुणी दिलं? डार्विनला सहा महिन्यांपूर्वीची पाहणी होती, म्हणून नवा ओळखू आला. आपल्या बहुतेक खाड्यांत तळाला काय काय आहे याची अशी नियमित नोंद नाही. पण ओहोटीला तिसऱ्या काढायला जाणाऱ्या, कालवं फोडणाऱ्या बायका आहेत, आणि त्यांच्या डोक्यात ती नोंद तीस-तीस वर्षांची आहे. जेट्टीच्या खांबाला दोरीने फरशीचे तुकडे टांगायचे, महिन्याला वर काढून काय बसलंय याचा फोटो घ्यायचा, शेजारी नाणं ठेवून म्हणजे आकार कळतो, आणि त्या बायकांना विचारायचं यातलं ओळखीचं काय नाही. खाडीकाठचं कुठलंही महाविद्यालय हे करू शकतं. अनोळखी शिंपला सापडलाच तर दोन-चार नमुने औषधी स्पिरिटमध्ये ठेवायचे, फोटोवर भागत नाही, या प्राण्याच्या बाबतीत तर अजिबातच नाही.

शेवटी एक प्रश्न, जो प्रत्येक ठिकाणी येतो आणि आजही चिठ्ठीवर आलाय: हा खाता येतो का? येतो. ब्राझीलच्या अलागोआस राज्यात मासेयो शहरालगत मुंदाऊ नावाचं खाजण आहे. तिथे याला ‘सुरुरू’ म्हणतात. नारळाच्या दुधातली सुरुरूची आमटी ही तिथली ओळख, राज्याने तिला वारशाचा दर्जा दिलाय. काठावरची शेकडो कुटुंबं तो काढून, उकडून, सोलून जगतात. कोल्लमच्या मच्छीमाराला जो नकोसा आहे, तोच तिथे भाकरी. आपल्याकडे मात्र तो खाऊन संपवू हा हिशोब धरू नये. एकतर सांडपाणी येतं त्या खाडीतला कुठलाही शिंपला खाताना विचार करावा, आणि दुसरं म्हणजे बाजार बसला की कुणीतरी तो मुद्दाम दुसऱ्या खाडीत नेऊन लावतो.

आणि मुंदाऊमध्ये अलीकडच्या वर्षांत सुरुरू फार कमी झालाय. प्रदूषण आहे, पुराने पाणी गोडं झालं. त्याच्या जागी एक लहान, बाहेरचा शिंपला पसरलाय, लोक त्याला पांढरा सुरुरू म्हणतात. तो म्हणजे मायटिलॉप्सिस सॅली, आपल्या मुंबईच्या गोदीतला. इंचभराच्या शिंपल्यात मांस ते किती निघणार!